मठ, कचेरी, वाडा : इस्लामपूरच्या जुन्या इमारतींविषयी दोन मते

उरुण आणि इस्लामपूर ही जोडवस्ती आहे. नगरपरिषदेच्या नावात ती जोडूनच आली : उरुण-इस्लामपूर. ही नगरपरिषद १८५३ ची. गावांना नगरपालिका काढण्याची मुभा देणारा कायदा १८५० चा, म्हणजे त्यानंतर तीनच वर्षांत इथल्या लोकांनी ती काढली. कृष्णा आणि वारणा या नद्यांच्या मधल्या काळ्या रानात गाव बसले आहे. पश्चिमेला पेठ नाका आणि वाघवाडी फाटा येथे पुणे-बंगळूर महामार्ग लागतो आणि पलीकडची वाट शिराळ्याच्या डोंगराळ भागात जाते. आग्नेयेला आष्ट्यावरून सांगली. ईशान्येला बहे, आणि कृष्णा ओलांडली की ताकारीचे रेल्वे स्टेशन. तालुक्याचे नाव वाळवा, ते नदीकाठच्या गावाचे. कचेरी मात्र चौरस्त्यावरच्या इस्लामपुरात. गावातले पत्तेही रस्त्यांवरून पडले : आष्टा नाका, शिराळा नाका, बहे नाका. जकात कधीच गेली, नाके राहिले. २०२५ मध्ये राज्य सरकारने शहराला ईश्वरपूर हे नाव देण्याचा निर्णय जाहीर केला. जुन्या दप्तरांत आणि १९४२ च्या आठवणींत इस्लामपूर हेच नाव असल्याने इथे तेच ठेवले आहे.

अशा गावात ऐतिहासिक वास्तू म्हणून बोट कशावर ठेवायचे? रायगड किंवा अजिंठ्याच्या तोलाचे इथे काही नाही. जे आहे ते वापरातले : मठ, कचेरी, चावडी, तालीम, वाडे, बाजारातली दुमजली दुकाने. या इमारतींकडे पाहण्याच्या दोन रीती आहेत आणि त्या एकमेकींशी भांडतात. एक रीत शाळेत इतिहास शिकवणाऱ्याची, दुसरी पिढ्यान्‌पिढ्या भिंती उभ्या करणाऱ्या आणि पाडणाऱ्या गवंड्याची. पुढे त्या गुरुजी आणि मेस्त्री अशा दोन तोंडांनी मांडल्या आहेत.

गुरुजींचा आरंभ कचेरीपासून होतो.

गुरुजी : मेस्त्री, १० सप्टेंबर १९४२ ला या गावात मामलेदार कचेरीवर मोर्चा आला. वाळवा तालुका तेव्हा सातारा जिल्ह्यात होता. कराडला २४ ऑगस्टला, तासगावला ३ सप्टेंबरला, वडूजला ९ सप्टेंबरला असे मोर्चे निघालेच होते. कचेरीवर तिरंगा लावायचा आणि सरकार संपले असे जाहीर करायचे, एवढाच कार्यक्रम. तासगावला झेंडा लागला. वडूजला गोळीबार झाला आणि नऊ जण गेले. दुसऱ्या दिवशी इस्लामपूरला पोलिसांनी गोळ्या झाडल्या. किर्लोस्करवाडीच्या कारखान्यातले अभियंते उमाशंकर पंड्या आणि कामेरीचे विष्णू बारपटे हे दोघे पडले. ती जागा आणि तो कचेरीचा उंबरा जपायला नको?

मेस्त्री : जागा जपा की. पण गुरुजी, ती कचेरी बांधली कोणी? इंग्रजानं. सारा गोळा करायला. आपल्या माणसांना जिथून गोळ्या बसल्या, ते घर आपण रंगवून ठेवायचं आणि ज्या घरांतून ती माणसं निघाली ती पडू द्यायची, हे मला उलटं वाटतं.

हा आक्षेप वरवरचा नाही. मोर्चांनंतर चळवळ भूमिगत झाली आणि १९४३ पासून तिला प्रतिसरकारचे रूप आले. तिचे नेते क्रांतिसिंह नाना पाटील याच तालुक्यातल्या येडेमच्छिंद्रचे, क्रांतिवीर नागनाथ नायकवडी वाळव्याचे. प्रतिसरकारने न्याय दिला, दारूबंदी राबवली, सावकारांना आणि गावगुंडांना वेसण घातली; पण त्याची कचेरी कुठल्याच इमारतीत नव्हती. न्यायदान मंडळ रानात, वस्तीवर, देवळाच्या आडोशाला बसे आणि पोलिसांची चाहूल लागली की उठे. जे सरकार सापडायचे नाही म्हणून टिकले, त्याने मागे वास्तू ठेवावी कशी?

गुरुजी : म्हणूनच तर कचेरी महत्त्वाची. त्या साऱ्या गोष्टीत ठाम पत्ता असलेली ती एकच जागा. बाकीचे सगळे ऊस-जोंधळ्यात विरघळले. मुलांना तिथे नेऊन सांगता येते, मोर्चा इथवर आला, इथे थांबला.

मेस्त्री : मग तिला विजयाची वास्तू म्हणू नका. समोरच्याचं घर म्हणा. पाटीवर तसंच लिहा.

गुरुजी : लिहायला हरकत नाही.

दोघांत एवढे एकमत पहिल्यांदा आणि जवळजवळ शेवटचे. तालुक्याच्या गावची जुनी कचेरी ही महाराष्ट्रभर अडचणीतली इमारत आहे. घडीव काळ्या दगडाचे जोते, जाड भिंती, पुढे लांब ओसरी, वर मंगळुरी कौले, ही तिची नेहमीची ठेवण. ही कौले मंगळूरला बासेल मिशनने १८६५ मध्ये पहिला कारखाना काढल्यावर किनाऱ्यावरून आत पसरली आणि सरकारी इमारतींवर आधी चढली. कचेरी बांधली गेली तेव्हा तालुक्याची माणसे आणि कागद दोन्ही मोजके होते. पुढे खाती वाढली, दप्तर वाढले, आणि कामकाज प्रशासकीय इमारतीत हलले की जुन्या आवारात जप्तीची वाळूची वाहने आणि खोल्यांत मोडक्या खुर्च्या येतात. पाडण्याचा निर्णय कोणी घेत नाही. कौले बदलायचे एक वर्ष राहून जाते आणि पुढचे काम पाऊस करतो.

मठाची गोष्ट नेमकी उलट आहे. उरुणात संभूआप्पा आणि बुवाफन यांचे स्थान आहे. बुवाफन मुसलमान, गुरू. संभूआप्पा हिंदू, शिष्य. दोघांच्या नावाने कार्तिकात यात्रा भरते आणि तीत दोन्ही समाजांची माणसे मानकरी म्हणून उभी राहतात. या भागात अशी जोडस्थाने आणखी आहेत. येडेनिपाणीजवळच्या डोंगरावर मल्लिकार्जुनाचे लेणे आणि पिराचा दर्गा शेजारी नांदतात. पण तिथे दोन जागा आहेत. उरुणात नातेच एक आहे, म्हणून स्थानही एक.

गुरुजी : मठ हा या गावाचा सर्वांत जुना चालता दस्तऐवज. त्यात दर काही वर्षांनी फरशी, रंग, नवे शिखर, नवा मंडप अशी भर पडते. मूळ लाकूडकाम आणि मूळ दगड दिसेनासे होतात. भक्तीने केलेली मोडतोड ही मोडतोडच.

मेस्त्री : गुरुजी, मठ उभा आहे तो त्या फरशीमुळंच. यात्रेला माणूस येतं, पेटीत पैसा पडतो, त्यातून गळती निघते. ज्या इमारतीला यात्रा नाही तिची गळती कोण काढणार? तुमच्या कचेरीला कुणी नवस बोलत नाही.

गुरुजी : पण मग जुने काय उरले?

मेस्त्री : उंबऱ्याशी कुणी आधी नारळ द्यायचा, पालखी कुठल्या गल्लीतनं फिरायची, कुठल्या दारापुढं थांबायची. ते हललं नाही. भिंत मी दहादा बदलीन, पालखीची वाट मला बदलता येणार नाही.

इथे मेस्त्रींचे म्हणणे वजनदार आहे. युरोपात उपजलेल्या जतनशास्त्राने बराच काळ मूळ द्रव्यालाच अस्सलपणाची कसोटी मानले. १९९४ मध्ये जपानमधील नारा येथे भरलेल्या परिषदेने ती कसोटी सैल केली. वापर, परंपरा, कारागिरीची रीत आणि स्थळाचे भाव यांनाही अस्सलपणात जागा दिली. लाकडी देवळे ठरावीक काळाने नव्याने उभारणाऱ्या देशात हे ठरावे यात नवल नाही. उरुणच्या मठाला ती कसोटी लावली, तर पालखीचा मार्ग हा वास्तूचा भाग ठरतो आणि त्यावर आलेले अतिक्रमण हे शिखराच्या रंगापेक्षा मोठे नुकसान ठरते. मात्र यातून गुरुजींचा मुद्दा खोडला जात नाही. भेगाळलेली तुळई काढून नवी घालणे वेगळे, आणि बरी तुळई केवळ काळी दिसते म्हणून काढून स्लॅब ओतणे वेगळे. नाराच्या ठरावात दुसऱ्याला सूट नाही.

खरा वाद वाड्यांवर होतो.

कृष्णा खोऱ्यातल्या घराची रीत पावसावर ठरते. पूर्वेला आटपाडी-जतच्या कोरड्या पट्ट्यात माळवद : तुळया, त्यांवर किलच्या, त्यांवर मातीचा जाड थर. पश्चिमेला शिराळ्याच्या पावसात मातीचे छत टिकत नाही, तिथे उतरते कौलारू. इस्लामपूर मधल्या पट्ट्यात. जोते काळ्या दगडाचे, कारण खाली काळी जमीन. ती पावसात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते, आणि पाया मुरूम लागेपर्यंत नेला नाही तर भिंत चिरते. जोत्याच्या वर पांढऱ्या मातीची किंवा भेंड्यांची भिंत. भेंडा म्हणजे न भाजलेली, उन्हात वाळवलेली मोठी वीट. ऐपतदाराच्या वाड्यात खालचा मजला दगड-चुन्याचा, वर वीट, आत चौक, सोपा, माजघर, परसू, आणि खणांच्या हिशेबाने सागवानी खांब. चुना इथलाच. काळ्या रानात चुनखडीचे गोटे सापडतात, ते भाजून, विरवून, बैलाच्या घाणीत वाळूबरोबर मळून चुना तयार होई.

गुरुजी : असा वाडा पडला की आपण एक तंत्रच घालवतो. चुन्याची घाणी आज या भागात चालताना दिसत नाही. वाडा उभा असला तर निदान शिकता तरी येईल.

मेस्त्री : शिकायला मी आहे की. पण वाडा कुणाचा आहे ते बघा. सातबारा नव्हे, गावठाणाचा उतारा काढा. एका वाड्यावर पंधरा-वीस नावं. निम्मी पुण्याला, काही मुंबईला, एखादं परदेशात. चौकातनं भिंत घातलेली. एक भाऊ आपल्या बाजूचं कौल बदलतो, दुसऱ्याच्या बाजूनं पाणी आत येतं. भिंतीला वाटणी कळत नाही.

गुरुजी : वाटण्या तर पूर्वीही होत होत्या.

मेस्त्री : पूर्वी वाडा कमावत होता.

हे एक वाक्य बरेच काही सांगते. पाटील-कुलकर्ण्यांचा वाडा नुसता राहण्याचा नव्हता. तिथे दप्तर होते, धान्याचे पेव होते, येणाऱ्या अंमलदाराची उतरायची सोय होती. स्वातंत्र्यानंतरच्या पंधरा वर्षांत हे एकेक करून सुटले. गांधीजींच्या हत्येनंतर १९४८ मध्ये सातारा, सांगली आणि कोल्हापूर भागांत ब्राह्मणांची घरे जाळली गेली. अनेक गावांतले जुने वाडे आणि त्यांतली कागदपत्रे त्या आगीत गेली, कित्येक कुटुंबे परतलीच नाहीत. त्याच वर्षीच्या कुळकायद्याने आणि १ एप्रिल १९५७ च्या कृषकदिनाने जमिनीचा खंड संपवला. कुलकर्णी वतने कायद्याने बरखास्त झाली. पाटीलकीचे पद १ जानेवारी १९६३ पासून गेले. दप्तर तलाठ्याच्या सज्जावर आले, चावडीला फक्त दवंडी आणि नंतर नोटिसांचा फलक उरला. वाडा पडण्याचे कारण पाऊस असे सांगितले जाते. त्याचा आधार आधीच काढून घेतला गेला होता. जतनाच्या चर्चेत १९४८ चा उल्लेख टाळण्याची सवय आहे. ती सोडल्याशिवाय या भागात वाडे विरळ का आहेत हे समजणार नाही.

पाठोपाठ साखर आली. १९७० च्या सुमारास साखराळ्याचा कारखाना सुरू झाला. कासेगावचे राजारामबापू पाटील यांचे नाव पुढे त्याला मिळाले. उसाचे बिल आले की घर बांधायचे, आणि घर म्हणजे स्लॅबचे. त्याआधी ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनेचा भूकंप झाला होता आणि मातीच्या भिंतींवरचा लोकांचा विश्वास हादरला होता.

मेस्त्री : भूकंपात मातीचं घर माणसाच्या अंगावर येतं. महापुरात ते पायातनं विरघळतं. २००५ ला, २०१९ ला, २०२१ ला नदीकाठच्या गावांत पाणी उतरल्यावर काय दिसलं? स्लॅबची घरं चिखलानं भरलेली, पण उभी. भेंड्याची घरं ढीग. त्या घरातल्या बाईला जाऊन सांगता का, हे तुमचं ऐतिहासिक होतं म्हणून?

गुरुजी : पूररेषेत मातीची भिंत ठेवा असे कोणी म्हणत नाही. इस्लामपूर नदीपासून दूर आहे. इथले वाडे पुराने पडलेले नाहीत; दुरुस्तीने पडले.

मेस्त्री : ते मात्र खरं बोललात.

मेस्त्रींची ही कबुली तांत्रिक आहे. मातीची आणि चुन्याची भिंत जमिनीतली ओल वर ओढते आणि बाहेरच्या अंगाने ती उडून जाते. अशा भिंतीला सिमेंटचा गिलावा केला की उडायची वाट बंद होते. ओल आत कोंडते, क्षार फुलतात, माती सुटते, आणि काही पावसाळ्यांनी गिलाव्याचा अख्खा पापुद्रा भिंतीचा थर घेऊन खाली येतो. घरमालक म्हणतो, भिंतच कुजकी होती. भिंतीच्या बुडाशी सिमेंटचा कोबा घातला तर ओल आणखी वर चढते. लाकडाच्या तोंडाला सिमेंट लागले की तिथे वाळवी शिरते आणि बाहेरून दिसत नाही. स्वस्त पडते म्हणून केलेली ही डागडुजी पुढे पाडापाडीचे कारण बनते.

गुरुजी : मग तुम्ही तसे का करता?

मेस्त्री : चुना विरवायला दिवस लागतात, तो चढायला आणि वाळायला दिवस लागतात. रोजगार आठवड्याच्या बाजाराला द्यावा लागतो. सिमेंटचं पोतं दुकानात आहे. सांगणारा कोण आहे? माझ्या आज्यानं चुना केला, बापानं सिमेंट केलं, मी टाइल लावतो.

कायद्याकडे पाहिले तर दोघांनाही फारसे हाती लागत नाही. केंद्राचा १९५८ चा आणि राज्याचा १९६० चा प्राचीन स्मारक कायदा हे संरक्षित म्हणून जाहीर झालेल्या स्मारकांसाठी आहेत. गावातला वाडा किंवा तालीम त्यांत येत नाही. १९६६ च्या नगररचना कायद्याने विकास आराखड्यात ऐतिहासिक वास्तूंच्या जतनाची तरतूद करता येते. मुंबईने १९९५ मध्ये आपली वारसा नियमावली केली. लहान नगरपरिषदांत मात्र वारसा यादीपेक्षा धोकादायक इमारतीची नोटीस आधी पोहोचते. ती यादीही बहुधा शहरी शिक्षणाच्या डोळ्यांनी होते : कमान दिसली की नोंद, कौल दिसले की कोरा रकाना.

नदीकाठची दोन स्थळे या वादात मधूनमधून येतात आणि दोघेही ती आपल्या बाजूने ओढतात. बह्याला कृष्णा दुभंगून रामलिंग बेट झाले आहे आणि तिथला मारुती समर्थ रामदासांनी स्थापलेल्या अकरा मारुतींपैकी एक आहे. मारुतीने नदीचा ओघ दोन्ही बाहूंनी थोपवला, म्हणून गावाचे नाव बाहे, अशी कथा आहे. कोळे नरसिंहपूरला ज्वाला नृसिंह भुयारात आहे. दर्शनाला खाली उतरावे लागते, आणि कृष्णेचा मोठा पूर देवापर्यंत येतो. गुरुजींच्या मते ही स्थळे टिकली, कारण पूर्वजांनी दगडात बांधले. मेस्त्रींच्या मते ती टिकली, कारण पूर गेला की गाळ काढायला गाव उतरते. बह्याच्या बेटापुरते दोघेही बरोबर आहेत. वाड्याला मात्र दगड अर्धाच असतो आणि गाळ काढायला गाव नसते.

तालमीबद्दल दोघांत वादच होत नाही. लाल मातीचा हौदा, कोनाड्यात मारुती, खुंटीला लंगोट. इमारत कितीही साधी असली तरी पोरे पहाटे येतात तोवर ती पडत नाही.

शेवटी प्रश्न उरतो तो वाचवता न येणाऱ्या घरांचा, आणि तीच घरे जास्त आहेत.

गुरुजी : पाडायचेच असेल तर आधी नोंद तरी होऊ द्या. फोटो काढून ठेवतात लोक, पण फोटोत माप येत नाही.

मेस्त्री : माप मी देतो. पण तुम्ही दरवाजाची नक्षी मोजायला सांगाल. नक्षी कुणीही बघतं. मोजायचं ते खण किती, खांब कुठनं कुठवर, जोतं किती थरांचं, चुलीचा धूर कुठनं जात होता, सांडपाणी कुठं, गोठ्याचं दार घरात उघडतं का बाहेर. आणि दाराचं तोंड कुठल्या वाटेकडं. या गावात जुन्या घराचं दार कुठल्या नाक्याकडं आहे त्यावरून कळतं, मालक बाजार कुठला करत होता.

गुरुजी : आणि पाडलेल्या मातीचे काय होते?

मेस्त्री : शेतात जाते. पांढरीची माती काळीत टाकली की पीक चांगलं येतं, हे आमच्या म्हाताऱ्यांना ठाऊक होतं. पडक्या वाड्याच्या मातीला गाड्या लागायच्या. दगड नव्या घराच्या जोत्यात, लाकूड दुसऱ्याच्या सोप्यात. आता तसं होत नाही. सिमेंट लावलेली माती शेतात कुणी घेत नाही. ती ट्रॅक्टरनं ओढ्याकाठी नेऊन टाकतात.

गुरुजींनी वहीत खणांचा रकाना आखला, पुढे दाराच्या दिशेचा, आणि मेस्त्रींच्या सांगण्यावरून आणखी एक जोडला : दगड कुठे गेला.